नत्थुजींची जाणीव

१ डिसेंबर २०२४, रविवार. सकाळी ६.१०
आजपासून पक्कं. रोज चार पानं. पाडव्याला एकशे एकोणीस दिवस आहेत, म्हणजे चारशे शहात्तर पानं. 'मानवी जाणिवेचा समग्र इतिहास' पाडव्याला छापून हातात. मराठीत या विषयावर असं पुस्तक नाही. इंग्रजीत आहेत, एक्केचाळीस तर माझ्याच कपाटात आहेत. पण ती लिहिणाऱ्यांपैकी एकालाही मराठी येत नव्हतं, हा त्यांच्यातला मुख्य दोष.
टेबल पुसलं. पेनात शाई भरली.

सकाळी ६.५०
रविवारी सुरुवात करणं चूक. मेंदू सुट्टीच्या मूडमध्ये असतो. उद्यापासून.

३ डिसेंबर
बापूसाहेब प्रकाशकांकडे गेलो. ते गाइडं छापतात, पण माणूस सुसंस्कृत आहे. माझी थिअरी त्यांना पुन्हा एकदा समजावून सांगितली: भाषा नाही तिथे 'मी' नाही. आदिमानव चालत होता, शिकार करत होता, पोरं वाढवत होता, पण नांगराच्या तासाच्या शेवटी बैल आपोआप वळतो तसा. आत कोणी नव्हतं. शब्द आले आणि मग 'मी' आला. हे मला १९९४ साली कॉलेजच्या स्टाफरूममध्ये सुचलं. त्याआधी एका परदेशी माणसाने जवळपास हेच लिहून ठेवलं होतं असं पुढे कळलं, पण तो योगायोग.
बापूसाहेबांनी विचारलं, किती झालं लिहून? मी सांगितलं, डोक्यात पूर्ण आहे. कागदावर प्रस्तावना, अनुक्रमणिका आणि पहिल्या प्रकरणाची एकोणीस पानं. ते म्हणाले, हेच मागच्या दिवाळीत होतं. शेवटी प्रश्नसंच टाकता येईल का, असंही त्यांनी विचारलं. उत्तर दिलं नाही.

५ डिसेंबर
शून्य पानं. कारण: स्वयंपाकाची बाई सोडून गेली. माझं बोलणं ऐकून तिचं डोकं दुखतं म्हणे. शैला असती तर ही वेळ आली नसती. ती नातवाच्या बारशासाठी पुण्याला मुलाकडे, ईशानकडे गेली आहे. नातू आता नर्सरीत जातो. येईल.

७ डिसेंबर. सकाळी ११
चंदाचा फोन. माझी धाकटी बहीण. तिच्या नवऱ्याला, नत्थुजींना, लकवा मारला. मूर्तिजापूरजवळ नऊ एकर आहे त्यांची. तुरीला पाणी देताना धुऱ्यावरच, बांधावर, पडले. अकोल्याच्या दवाखान्यात आहेत. उजवी बाजू गेली, वाचा गेली. चंदा रडत नव्हती. नुसतं म्हणाली, दादा, तू ये.
नेमकी आज लय लागली होती. अर्धं पान झालं होतं.

९ डिसेंबर, अकोला
नत्थुजींना पाहिलं. डोळे उघडे. तोंड डावीकडे ओढलेलं. शब्द एकही नाही. या माणसाने तीस वर्षं दर दिवाळीला, पाहुण्यांच्या पंगतीत, मला एकच प्रश्न विचारला: साहेब, पुस्तक कवा निघते? आज गप्प होते.
डॉक्टर तरुण आहे. म्हणाला, बोलण्याचं केंद्र बिघडलं आहे, पण समजत बरंच असावं, त्यांच्यासमोर जपून बोला. मी त्याला विचारलं, समजतं म्हणजे कोणाला समजतं? तो पुढच्या खाटेकडे गेला. हल्लीचे डॉक्टर मूलभूत प्रश्नांना बिचकतात.

९ डिसेंबर. दुपारी ४
बसस्टँडवर चहा घेताना एकदम लखलखीत सुचलं. भाषा गेलेला माणूस. जगात ज्यासाठी लोक ग्रंथालयं धुंडाळतात तो पुरावा माझ्या घरातच आहे. प्रकरण पाच: 'भाषाहीन मनुष्य: एक प्रत्यक्ष निरीक्षण'. आधी प्रकरण पाच लिहायचं. दोन, तीन, चार मागून.
दुःख आहेच. पण विद्वानाला दुःखाचाही उपयोग करता आला पाहिजे.

१८ डिसेंबर
नत्थुजींना दवाखान्यातून आचलच्या घरी आणलं, गोरक्षण रोडवर. आचल त्यांची मुलगी, बँकेत आहे. नवरा दुबईला, घरात जागा आहे. गावाकडे रोजचे उपचार मिळायचे नाहीत म्हणून पेशंट इथेच राहणार. मीही राहायचं ठरवलं. चंदाला आधार हवा. मी पुस्तकांची बॅग आणि वह्या घेऊन आलो. आचल म्हणाली, मामा, इतकी पुस्तकं कायले आणली. टेबल एकच आहे, नत्थुजींच्या खोलीत. तेही सोयीचं.

२० डिसेंबर
आजपासून त्यांना पहिलं प्रकरण वाचून दाखवायला सुरुवात केली. तीन पानं. उद्देश: भाषेचा मारा केला असता रिकाम्या मेंदूत काही हालचाल होते का ते पाहणं.
पान १: डोळे माझ्याकडे. पान २: डोळे छताकडे. पान ३: डोळे बंद.
निष्कर्ष: प्रतिसाद नाही.
तरी सांगतो, या प्रकरणाची सलग तीन पानं कोणी ऐकावीत असं आजवर झालं नव्हतं. शैला पान दोनवर कुकर बघायला उठायची.

२१ डिसेंबर
आरसा प्रयोग. तोंडासमोर आरसा धरला. नत्थुजींनी एकदा पाहिलं आणि मान भिंतीकडे फिरवली. स्वतःला ओळखलं नाही. वहीत नोंद केली, तारखेसह.
चंदा म्हणाली, ओळखलं म्हणून तर फिरवली. तिला पद्धतशास्त्र ठाऊक नाही.

२३ डिसेंबर
देवश्री नावाची मुलगी येऊ लागली. स्पीच थेरपिस्ट, वय पंचवीस-सव्वीस. चित्रांचे पत्ते दाखवते. बैल, विहीर, भाकर. नत्थुजी डाव्या हाताने बरोबर पत्त्यावर बोट ठेवतात. तिला मोठा आनंद. मी समजावलं की हे कोंबडीलाही शिकवता येतं.
तिने माझी पुस्तकं पाहिली. त्यातलं एक जाडजूड तिने कॉलेजात असताना वाचलं आहे म्हणे, आणि त्यातल्या सातव्या प्रकरणाबद्दल तुमचं काय मत, असं विचारलं. मी म्हणालो, सातवं प्रकरण वादग्रस्त आहे. तिने पुस्तक चाळलं. माझ्या पेन्सिलच्या खुणा अठ्ठाविसाव्या पानावर थांबतात. मी खुणा मोजक्याच करतो.
जाताना म्हणाली, काका, त्यांच्यासमोर त्यांच्याबद्दल बोलू नका. आवाज शांत होता. मला आवडला नाही.

२६ डिसेंबर
खळबळ. नत्थुजींच्या तोंडून शब्द निघाला. मी सकाळी वाचनासाठी वही घेऊन खोलीत शिरलो, तोच स्वच्छ, मोठ्याने: भैताड. वऱ्हाडीत याचा अर्थ मूर्ख.
चंदा धावत आली. आचल ऑफिसला निघालेली, चपला घालून परत आली. दोघी हसत होत्या, डोळे पुसत होत्या. देवश्रीला फोन. तिने सांगितलं की अशा पेशंटना शिव्या आधी येतात, त्या मेंदूत वेगळ्या जागी असतात. म्हणजे माझंच म्हणणं. ही भाषा नव्हे, ही शिंक.
दिवसभरात चार वेळा उच्चार झाला. चारही वेळा मी खोलीत शिरताना. दाराच्या कर्कश आवाजामुळे होत असावं. बिजागरीला तेल घालायला सांगितलं.

२७ डिसेंबर
तेल घातलं. उच्चार तीन वेळा.

२९ डिसेंबर. सकाळी १०
आज स्पष्ट बोलावं लागलं. चंदा दिवसभर नत्थुजींच्या उशाशी बसून बोलत असते. तूर कुठवर आली, शेजारच्या रामरावची म्हैस कशी व्याली, लाइट कधी गेली, कोण लग्नाचं आमंत्रण घेऊन आलं. सकाळी सुरू होते ती जेवणापर्यंत. चौतीस वर्षांच्या संसारात इतकी बोलली नसेल. मी त्याच खोलीत टेबलाशी जगाच्या प्रारंभीच्या मौनाबद्दल लिहायला बसलेला. एक ओळ सुचत नाही.
तिला गच्चीवर नेलं आणि शास्त्र सांगितलं. सोप्या भाषेत. भाषा गेली की 'मी' जातो. खाटेवर जे आहे ते शरीर आहे. ते गिळतं, डोळे फिरवतं, सवयीने पत्त्यावर बोट ठेवतं. पण तुझं ऐकणारा तिथे कोणी नाही. तू बोललीस की त्या मेंदूवर नुसता आवाजाचा ताण पडतो, त्याने अपायच होईल.
तिने वाळत घातलेली साडी दोरीवर सरळ केली. मग विचारलं, दादा, तू इतकी पुस्तकं वाचली, तुले पक्कं माहीत हाय ना?
मी म्हणालो, पक्कं.

२९ डिसेंबर. संध्याकाळी ६
खोलीत पूर्ण शांतता. दीड पान झालं.

१ जानेवारी २०२५
नवं वर्ष. तीन दिवसांत सात पानं. आयुष्यातला विक्रम. चंदा खोलीत येते, चादर बदलते, खिमटी भरवते, तोंड पुसते आणि जाते. शब्द नाही. मी बहिणीला थोडं फार शिकवू शकलो याचं समाधान.
नत्थुजी ती आत आली की मान वळवून तिच्या तोंडाकडे पाहतात. गेली की दाराकडे. प्रकाशाकडे वळण्याची प्रवृत्ती सूर्यफुलातही असते. चांगलं उदाहरण आहे, प्रकरण पाचमध्ये घ्यायचं.

३ जानेवारी
नत्थुजी खात नाहीत. दोन घासांनंतर तोंड मिटून घेतात. दुपारी डोळ्यांतून पाणी. लकव्यानंतर असं विनाकारण रडू येतं, हे मी वाचलेलं आहे, बहुतेक पहिल्या अठ्ठावीस पानांतच. चंदाला सांगितलं, घाबरू नको, हे रडणं कोणाचंच नाही. ती स्वयंपाकघरात गेली आणि बराच वेळ पोळपाट घासत राहिली.
'भैताड' बंद झालं. तेलाचा परिणाम.

५ जानेवारी. दुपारी १
व्यवहार कोणीतरी पाहायला हवा. ईशानला फोन केला. रेंज खाटेजवळच्या खिडकीत चांगली येते. त्याला म्हटलं की आत्याच्या घरचा प्रश्न आता सुटल्यात जमा आहे. पेशंटमध्ये काही उरलेलं नाही. सेवाभावी संस्था असतात, तिथे ठेवता येईल, महिन्यातून एकदा जाऊन पाहायचं. चंदाने अमरावतीला माझ्याकडे यावं. तिला भाऊ, मला वेळेवर जेवण आणि शांतता. पुस्तक दोन वर्षांत पूर्ण.
ईशानने विचारलं, पाडव्याला होणार होतं ना? आणि मग, बाबा, तुम्ही कुठून बोलताय? काकांच्या खोलीतून का? मी म्हणालो, हो, मग? त्याने आईला फोन देऊ का विचारलं. पलीकडे शैलाचा आवाज आला, नको म्हण.
ती नातवाला भरवत असेल.

६ जानेवारी
चंदाला अमरावतीची योजना सांगितली. काही बोलली नाही. होकारच समजायचा. अकरा पानं पूर्ण.

९ जानेवारी
कटकट. देवश्रीने आज पत्ते दाखवले, नत्थुजींनी हात उचलला नाही. आठवड्यात पेशंट मागे का गेला, घरात काय बदललं, म्हणून तिने चंदाला खोदून खोदून विचारलं. चंदाने सांगून टाकलं की अकरा दिवस झाले, मी यांच्यासंग बोलले नाही, दादा म्हणे ऐकनारं कोनी नाही.
मुलगी ओरडली असती तर मी उत्तर दिलं असतं. ती ओरडली नाही. माझ्याकडे पाहिलंही नाही. चंदाचा हात धरून तिला खाटेवर बसवलं आणि म्हणाली, मावशी, बोला. चंदाला सुरुवात सापडेना. मग रामरावच्या म्हशीपासून सुरू केलं, कारण तिथेच थांबली होती. अकरा दिवसांचं सगळं सांगितलं. संक्रांतीला किती तीळ आणायचा हेही विचारलं, आणि उत्तरासाठी थांबली.
नत्थुजींनी डावा हात तिच्या मांडीवर ठेवला. मी वहीत लिहिलं: स्पर्श, प्रतिक्षिप्त.
संध्याकाळी वाटीभर खिमटी संपली. भूक ही शारीरिक गोष्ट आहे.
टेबल गॅलरीत हलवलं. धूळ फार.

१४ जानेवारी, संक्रांत
देवश्री खंजिरी घेऊन आली. नत्थुजी गावच्या भजनी मंडळात, दर वर्षी मोझरीला राष्ट्रसंतांच्या पुण्यतिथीला जाणारे. तिने खंजिरीवर ठेका धरला, चंदाने भजनाची पहिली ओळ उचलली. आणि नत्थुजी गाऊ लागले. वाकड्या तोंडाने, पण शब्द स्पष्ट. अख्खं भजन, एकही शब्द न गळता. आचल दारात उभी राहून रेकॉर्ड करत होती.
मी समजावलं. गाणं मेंदूच्या दुसऱ्या बाजूला असतं. पाठांतर ते पाठांतर. टेपरेकॉर्डरही गातो. कोणीच ऐकत नव्हतं. तिळाचा लाडू हातात देऊन आचल म्हणाली, मामा, गोड बोला.

२० जानेवारी
शब्द येत आहेत. पाण्याला 'भाकर' म्हणतात, चमच्याला 'वखर'. पण येत आहेत. काल 'चंदा' म्हणाले. ते मात्र चंदालाच.
थिअरीला धक्का नाही. भाषा परत येते आहे म्हणून 'मी' परत येतो आहे, असं मांडायचं. किंबहुना पुरावा दुहेरी झाला. फक्त एक गोष्ट सिद्ध करायची राहिली: मधल्या काळात आत कोणी नव्हतं, हे खुद्द त्यांच्या तोंडून. जगातली पहिली साक्ष. प्रश्नावली तयार करतो. चाळीस प्रश्न.

२६ जानेवारी
प्रश्न अडतीस झाले. नत्थुजी आता तीन-चार शब्दांची वाक्यं बोलतात, थांबत थांबत. मी गॅलरीतून दोन वेळा आत गेलो, दोन्ही वेळा बोलणं थांबलं. माझ्यासमोर संकोच वाटत असावा. शिकलेल्या माणसापुढे होतं असं.

३० जानेवारी. सकाळी ११.३०
सविस्तर लिहायला हवं.
मुलाखत दहा वाजता ठेवली होती. देवश्रीची वेळ तीच. आचलला सुट्टी. चंदा खाटेच्या कडेला. मी खुर्ची ओढून बसलो, वही उघडली, प्रश्न क्रमांक एक वाचला: वाचा गेल्यानंतरच्या काळात 'मी' ही जाणीव आपल्याला होती काय? हो किंवा नाही.
नत्थुजींनी प्रश्न पुरा ऐकला. शब्द शोधत राहिले. देवश्रीने मला खूण केली की थांबा.
"मी होतो ना," ते म्हणाले. "कुठी जाईन?"
मी म्हणालो, तसं आत्ता मागे वळून वाटत असेल, स्मृती नंतर रचली जाते. प्रश्न क्रमांक दोन. त्यांनी डावा हात वर केला. एकेक शब्द विहिरीतून ओढल्यासारखा येत होता. तुमी पुण्याले फोन केला, म्हणाले. इथंच, खिडकीपाशी. मले आश्रमात ठेवाचं. हिले तुमच्याकडे न्याचं. पोया-भाकरी कराले. आरसा दावला. ते पुस्तक वाचलं, रोज. डोये मिटले तरी वाचलं.
आचल माझ्याकडे बघत होती. फोनबद्दल तिला ठाऊक नव्हतं. चंदालाही फोनबद्दल ठाऊक नव्हतं, फक्त योजना ठाऊक होती, आणि तीही मी जरा वेगळ्या शब्दांत सांगितली होती.
मी म्हणालो, तो सगळा शास्त्रीय चर्चेचा भाग होता. नत्थुजींनी मान हलवली, म्हणजे ते राहू द्या, असं. त्यांना ते सांगायचंच नव्हतं. ते चंदाकडे वळले.
"तू बोलनं सोडलं," म्हणाले. "अकरा दिवस. मी मोजले. वाटलं, मेलोच मी. मंग लघवी लागे. म्हनलं, मेल्या मानसाले काहून लागन?"
कोणी हसलं नाही. खरं तर हसण्यासारखं होतं, त्यांच्या चेहऱ्यावरही अर्धं हसू होतं, चेहऱ्याची तीच बाजू हलते.
चंदाने विचारलं, समदं ऐकू येत होतं? ते म्हणाले, समदं. ती म्हणाली, मंग मी आत येत होती, तोंड पुसत होती, ते बी? ते म्हणाले, तेच तं.
चंदा उठून स्वयंपाकघरात गेली. आचल तिच्यामागे. नळ सोडल्याचा आवाज आला आणि बराच वेळ येत राहिला. देवश्रीने पत्ते गोळा करून रबर लावलं. वही माझ्या मांडीवर उघडीच होती. प्रश्न एक, उत्तर: हो. पुढचे एकोणचाळीस कोरे.

३० जानेवारी. दुपारी २
चंदाने जेवायला वाढलं. भाजी, पोळी, कढी, मला आवडते तशी. शेवटची पोळी वाढताना म्हणाली, "दादा, तू उद्या सकाळची गाडी धर."
मी तिला सांगणार होतो की मी चांगल्या हेतूने सांगितलं होतं. तिने आधीच सांगितलं की तुझा राग नाही. मी तुले पक्कं माहीत हाय का इचारलं, आन तू हो म्हनला, मीच आयकलं, म्हणाली. तुले केलं माफ, मलेच करून नाही राह्यली.
याला काय उत्तर असतं ते एक्केचाळीसपैकी कोणत्या पुस्तकात आहे ते माहीत नाही. असेल कदाचित अठ्ठाविसाव्या पानानंतर.

३१ जानेवारी. सकाळी ९.४०, बसमध्ये
निघताना नत्थुजींच्या खोलीत गेलो. पाया पडण्याचा प्रश्न नाही, मी मोठा. नमस्कार केला. ते म्हणाले, सांभाळून जा. पुस्तकाचं विचारलं नाही. तीस वर्षांत पहिल्यांदा.
मूर्तिजापूरला बस दहा मिनिटं थांबली. खाली उतरलो नाही.

१ फेब्रुवारी, अमरावती
बापूसाहेबांना फोन. प्रकरण पाचमध्ये मूलभूत बदल करावे लागतील, असं सांगितलं. ते म्हणाले की पाडव्याचा प्रेसचा वेळ त्यांनी स्पर्धा परीक्षेच्या गाइडला दिला आहे, त्याच्या तयारीत आहेत. मी विचारलं, कधी दिला? म्हणाले, दिवाळीतच.

३ फेब्रुवारी. सकाळी ६.१०
हार मानणाऱ्यांतला मी नाही. नवी दिशा सुचली. दुसऱ्याचं निरीक्षण चुकीचं ठरलं, तर प्रत्यक्ष अनुभव घ्यायचा. अकरा दिवस माझ्याशी कोणी एक शब्द बोलायचा नाही, मी कोणाशी बोलायचं नाही. मौनात 'मी'चं काय होतं ते रोज तीन वेळा नोंदवायचं. हेच नवं प्रकरण पाच. लोक आत्मानुभवावर असली पुस्तकं लिहितात आणि गाजतात.
आजपासून फोन बंद आवाजावर. येणारे फोन घ्यायचे नाहीत, नुसती संख्या नोंदवायची. म्हणजे जगाने किती वेळा मौन तोडायचा प्रयत्न केला ते कळेल.

४ फेब्रुवारी
सकाळ: 'मी' आहे. दुपार: आहे. संध्याकाळ: आहे. पिठलं करपलं.
फोन: शून्य.

५ फेब्रुवारी
सकाळ: आहे. दुपारी नोंद राहिली.
फोन: एक. रिचार्ज संपत आल्याचा, कंपनीचा.

६ फेब्रुवारी. दुपारी १२.१५
सकाळी फोनचा आवाज पुन्हा सुरू केला. प्रयोगाला त्याने फरक पडत नाही. तासभर समोर घेऊन बसलो. आचलला तिच्या वडिलांच्या तब्येतीचा मेसेज केला. निळ्या खुणा झाल्या.
शैलाला लावला. वाजत राहिला.
मग लक्षात आलं की हा प्रयोग मी काही सोमवारी सुरू केलेला नाही. तो बराच आधीपासून चालू आहे. मी फक्त मोजायला आत्ता बसलो.
अकरा वाजता दाराशी भाजीवाली आली. टोपलीत वरतीच मेथीचा ढीग. मला मेथी निवडता येत नाही, करताही येत नाही. तरी बाहेर गेलो आणि विचारलं, मेथी आहे का?
ती म्हणाली, दिसून नाही राह्यली का, बाबूजी?
दोन जुड्या घेतल्या. फार बरं वाटलं.